संकलन-विभागातून नायकपदापर्यंत : मास्टर विठ्ठल आणि ‘आलम आरा’

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला. आर्देशीर इराणी यांनी दिग्दर्शित केलेल्या या हिंदुस्थानी बोलपटाचे नायक मास्टर विठ्ठल मूळचे पडद्यामागचे कामगार होते. बालपणी रंगभूमीवर वावरलेल्या विठ्ठल यांनी कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत फिल्म-संकलनाचे काम केले. बाबूराव पेंटर यांच्या ‘कल्याण खजिना’ या मूकपटात त्यांना नर्तकीची छोटी भूमिका मिळाली. पुढे शारदा फिल्म कंपनीच्या साहसपटांतून ते तलवारबाज नायक म्हणून गाजले.

आरंभीच्या चित्रपटसंस्थांत कामांची विभागणी आजच्याइतकी काटेकोर नव्हती. रंगभूषा, पडदे, संकलन, अभिनय ही कामे एकाच छपराखाली चालत. त्यामुळे कारागिराला कॅमेऱ्यासमोर येण्याची वाट मोकळी होती. मूकपटात चपळ देहबोली पुरेशी असे. उच्चाराचा प्रश्नच नव्हता.

‘आलम आरा’साठी विठ्ठल यांनी शारदा कंपनी सोडली, तेव्हा करारभंगाचा दावा उभा राहिला. त्यांची बाजू बॅ. महंमद अली जिना यांनी मांडली आणि विठ्ठल यांना इराणींच्या बोलपटात काम करण्याची मोकळीक मिळाली. मात्र खरी अडचण पुढेच होती. जोसेफ डेव्हिड यांच्या नाटकावर आधारलेल्या या बोलपटाची भाषा उर्दूमिश्रित हिंदुस्थानी होती, आणि विठ्ठल यांचे उच्चार तिला साजेसे नव्हते. त्या वेळी चित्र व ध्वनी एकाच फिल्मवर, एकाच वेळी मुद्रित होत. जवळच्या रेल्वेगाड्यांचा आवाज टाळण्यासाठी चित्रण बहुतांशी रात्री होई. दुसऱ्याचा आवाज नंतर जोडण्याची सोय नव्हती. पार्श्वगायन रूढ होण्यास १९३५ चा ‘धूप छांव’ यावा लागला. म्हणून नायक बराच काळ अर्धवट शुद्धीत दाखवून त्याचे संवाद कमी केले गेले, असे चित्रपट-इतिहासकार सांगतात.

‘आलम आरा’ची एकही प्रत आज उपलब्ध नाही. त्यामुळे छायाचित्रे, जाहिराती व समकालीनांच्या आठवणी यांवरच अभ्यासकांना विसंबावे लागते. विठ्ठल पुढे मराठी चित्रपटांतही दिसले. १९६९ मध्ये त्यांचे निधन झाले.

तंत्र बदलले की कालचे कौशल्य अपुरे ठरते, हे वर्गात समजावून देण्यास हे उदाहरण उपयोगी आहे. विठ्ठल यांची तलवारबाजी कमी झाली नव्हती. पडद्याने मात्र त्यांच्याकडून भाषा मागितली होती.