तुंबाड: माल चांगला, तरी पहिल्यांदा का नाही चालला?

आज जीएसटी नाही, मार्जिन नाही. आज एका सिनेमाचा हिशोब बघू.

'तुंबाड' १२ ऑक्टोबर २०१८ ला लागला. फिल्मफेअरची तीन बक्षिसं मिळाली, पण गल्ल्यात म्हणावी तशी भर पडली नाही.

आधी किती घाम गाळला?

राही अनिल बर्वे यांनी पहिला खर्डा १९९७ मध्ये लिहिला. नारायण धारपांच्या एका कथेवरून कल्पना सुचली आणि नाव घेतलं श्री. ना. पेंडसे यांच्या 'तुंबाडचे खोत'वरून. पैसे लावायला निर्माते आले आणि मागेही हटले. शेवटी २०१२ ला शूटिंग झालं, पण एडिटिंगला बसल्यावर कळलं की हवं ते उतरलेलंच नाही! मग कथा पुन्हा लिहिली, पुन्हा शूट केलं. ते २०१५ पर्यंत चाललं. पाऊस खरा हवा म्हणून एकेका पावसाळ्याची वाट बघितली. सोहम शाह हिरोही होते आणि निर्मातेही, म्हणजे जोखीम दुहेरी.

मग बदललं काय?

सिनेमा ओटीटीवर गेला. ज्यानं बघितला त्यानं चार जणांना सांगितलं. १३ सप्टेंबर २०२४ ला तोच सिनेमा पुन्हा थेटरात लागला आणि पहिल्या वेळेपेक्षा जास्त कमाई करून गेला. दुसऱ्या भागाची घोषणाही तेव्हाच झाली.

आपण काय घ्यायचं?

१. खोट मालात आहे की वेळेत, ते आधी ओळखा. मालात खोट होती तेव्हा त्यांनी काउंटरवर यायच्या आधीच तो दुरुस्त केला. नंतर माल चोख होता, फक्त गिऱ्हाईक उशिरा आलं.

२. माल नजरेसमोर ठेवा. गोडाऊनमध्ये पडलेल्या वस्तूची चर्चा कोण करणार?

३. हा मुद्दा नीट वाचा. सहा वर्षं थांबणं आपल्याला परवडत नाही, दुकानाचं भाडं दर महिन्याला द्यावं लागतं. असे अडकलेले बरेच सिनेमे कधीच परत येत नाहीत, त्यांच्या गोष्टी आपल्याला कुणी सांगत नाही. म्हणून एका वस्तूत किती भांडवल अडकवायचं आणि किती दिवस, हे खरेदीच्या आधी वहीत लिहा.

आजचा होमवर्क: वर्षभर न हललेल्या तीन वस्तू काढा. प्रत्येकीसमोर एकच शब्द लिहा: 'माल' किंवा 'वेळ'. 'माल' लिहिलं असेल तर सेल लावून मोकळे व्हा. 'वेळ' लिहिलं असेल तर उद्या ती वस्तू पुढच्या रॅकवर आणा.

भेटू पुढच्या व्हिडिओत!