पोरांचा सिनेमा म्हणजे छोटा सिनेमा? सई परांजपेंची गोष्ट

क्रांती चौकातून बोलतोय. मागे हॉर्न ऐकू आले तर समजून घ्या, जालना रोड आपल्या रेकॉर्डिंगसाठी थांबत नाही. ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं, त्यांच्यासाठी हा आजच्या भागाचा मजकूर. जसं बोललो, जवळपास तसंच ठेवलंय.

आपल्यापैकी कुणी घरी सांगितलं की, ‘मला लहान मुलांचे सिनेमे करायचेत, ॲनिमेशन करायचंय,’ तर पुढचा प्रश्न ठरलेला असतो. ‘बरं, पण खरा सिनेमा कधी करणार?’ म्हणजे पोरांसाठी काम करणं ही नेट प्रॅक्टिस, खरी मॅच नंतर. हे कितपत खरं आहे? चला, एका करिअरकडे बघू.

जानेवारी २०२५ मध्ये आपल्या शहरात दहावा अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव झाला. त्यात पद्मपाणी जीवनगौरव पुरस्कार मिळाला सई परांजपे यांना. बहुतेकांना त्या ‘चष्मे बद्दूर’ आणि ‘कथा’मुळे माहीत आहेत. पण सुरुवात तिथून नाही.

सईताईंचा जन्म १९३८चा. आई शकुंतला परांजपे, आजोबा रँग्लर परांजपे. आठव्या वर्षी त्यांचं पहिलं पुस्तक आलं, ‘मुलांचा मेवा’. आठव्या वर्षी, बरं का! मग पुणे आकाशवाणीवर निवेदन आणि मुलांचे कार्यक्रम. म्हणजे आपल्यासारखीच, नुसत्या आवाजावर गोष्ट पोचवायची. सोबत ‘पत्तेनगरी’, ‘शेपटीचा शाप’ अशी बालनाट्यं. पुढे दिल्लीत राष्ट्रीय नाट्य विद्यालय, मग दूरदर्शन.

१९७०च्या दशकात त्यांनी बाल चित्रपट समितीसाठी ‘जादू का शंख’ आणि ‘सिकंदर’ हे सिनेमे केले. ‘सिकंदर’ एका कुत्र्याच्या पिल्लाभोवती फिरतो. विषय एवढुसा वाटतो, पण ज्यानं कधी घरच्यांपासून लपवून पिल्लू पाळायचा प्रयत्न केलाय, त्याला विचारा तो केवढा मोठा असतो!

आता गंमत बघा. ‘स्पर्श’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, पटकथेसाठी खुद्द सईताईंना, अभिनयासाठी नसीरुद्दीन शाहांना. अंध मुलांच्या शाळेतली गोष्ट. तिथल्या मुख्याध्यापकाला कुणाची दया नको असते. ती पोरंही पडद्यावर बिचारी दिसत नाहीत. दंगा करतात, खेळतात, रुसतात. मला वाटतं, हे मुलांसाठी लिहून लिहूनच येतं. कारण मूल उपदेश सहन करत नाही. मोठा माणूस तिकिटाचे पैसे दिलेत म्हणून बसून राहतो. पोरगं दोन मिनिटांत चुळबुळ करतं, पाच मिनिटांत ‘घरी चला’ म्हणतं. अशा प्रेक्षकाला धरून ठेवणं ही नेट प्रॅक्टिस कशी म्हणायची?

आणि नाव झाल्यावर सईताईंनी हे काम सोडलं का? नाही. बाल चित्रपट समितीचं अध्यक्षपद त्यांनी दोनदा सांभाळलं. २००६ मध्ये पद्मभूषण मिळालं, त्याच्या आदल्याच वर्षी ‘चकाचक’ आला, स्वच्छता आणि पर्यावरणावरचा मुलांचा सिनेमा. त्याआधी ‘भागो भूत’ होता.

मग अडतं कुठं? सिनेमा बनण्यात कमी, पोचण्यात जास्त. बाल चित्रपट समिती ही १९५५ मध्ये सुरू झालेली सरकारी संस्था. पैसे ती घालायची, त्यामुळे दिग्दर्शकाच्या डोक्यावर गल्ल्याचं ओझं नसायचं. पण हे सिनेमे नेहमीच्या थिएटरात क्वचितच लागायचे. शाळांच्या खास खेळांत दिसायचे, नाहीतर टीव्हीवर. ज्याच्या शाळेनं नेलं त्यानं पाहिला, बाकीच्यांना पत्ताच नाही. २०२२ मध्ये ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. म्हणजे फक्त मुलांसाठी असलेलं वेगळं दुकानच उरलं नाही.

मराठीत दुसरा रस्ताही दिसला. २०१४ला परेश मोकाशींचा ‘एलिझाबेथ एकादशी’ सरळ थिएटरात लागला. पंढरपुरातली पोरं, एक सायकल आणि ती वाचवायची धडपड. त्याला सर्वोत्कृष्ट बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. मोठे आणि लहान एकत्र बसून बघू शकले, म्हणून तो पोचला. पण असे सिनेमे वर्षाला किती येतात? बोटावर मोजा.

मधल्या काळात पोरांच्या हातात फोन आला. एक व्हिडिओ संपला की दुसरा आपोआप सुरू. पुढचा कोणता, हे ना आईबाप ठरवतात, ना पोरगं. म्हणून मला वाटतं, पोरांसाठी जीव लावून काम करणाऱ्यांची गरज आज जास्त आहे.

तर तुमच्यापैकी कुणी त्या वाटेवर असेल, तर ‘खरा सिनेमा कधी?’ या प्रश्नावर सईताईंचं नाव सांगा. आणि बाकीच्यांना एक काम देतो. या रविवारी घरातल्या एका भाच्याला, पुतणीला शेजारी बसवा, एक अख्खा सिनेमा सोबत बघा. मध्ये फोन नाही, तुमचाही नाही. तो कुठं हसला, कुठं कंटाळला, ते आम्हाला व्हॉइस नोट करून कळवा. पुढच्या भागात ऐकवतो. भेटूच!