गॅस जमिनीवर बसतो

मुरबाड-शहापूरकडच्या पुष्कळ घरांत आता चुलीशेजारी गॅसची शेगडी आली आहे. उज्ज्वला योजना २०१६ साली निघाली, तेव्हापासून ती गरिबाघरीही पोचली. धूर कमी झाला, डोळ्यांची आग थांबली. फार बरे झाले. पण चुलीतला विस्तव दिसतो. गॅस दिसत नाही.

घरच्या टाकीत १४.२ किलो गॅस असतो. तो दाबून पातळ केलेला असतो. बाहेर आला की फुगतो. एक तांब्या पातळ गॅसचा सुमारे अडीचशे तांबे वायू होतो! त्याला स्वतःचा वास नाही. गळती कळावी म्हणून त्यात मुद्दाम घाण वास घालतात.

आता नीट ध्यान द्या. हा गॅस हवेपेक्षा जड आहे. तो धुरासारखा आढ्याकडे जात नाही. पाण्यासारखा जमिनीवर पसरतो, कोपऱ्यात साचतो, उंबरठ्याला अडतो. आणि आपली माणसे निजतात कुठे? जमिनीवरच. देवापुढची समईसुद्धा बहुधा खालीच असते.

हवेच्या १०० भागांत गॅसचे दोनेक भाग झाले की एक ठिणगी पुरे. ती पाडतो कोण? बहुतेक वेळा आपणच. बाई पहाटे उठते, सवयीने दिव्याचे बटण दाबते. बटणाच्या आत बारीक ठिणगी उडते. ती रोजच उडते, पण रोज काही गॅस साचलेला नसतो. फ्रिज तर कोणी हात न लावता आपोआप चालू होतो. बटण बंद करतानाही ठिणगी पडते. म्हणून पंखा चालू असेल तर चालू राहू द्या.

वास आला की काडी ओढू नका. समई, उदबत्ती, चूल विझवा. टाकीवरची चावी बंद करा. पुढचे-मागचे दार सताड उघडा, पोरांना घेऊन अंगणात या. मग १९०६ या नंबरावर फोन लावा. फोन बाहेरूनच करायचा, घरातून नाही.

गळती कुठे आहे ते काडी पेटवून बघणारे शहाणेही असतात! त्यापेक्षा नळीला साबणाचा फेस लावावा. बुडबुडे आले, की गळती तिथेच.

डोंबिवली-ठाण्याला लेकीकडे गेलात, तर तिथे कदाचित पाइपातून येणारा गॅस असेल. तो निराळा. हवेपेक्षा हलका असतो, छताकडे जातो. तिथे वरची खिडकी आधी उघडावी. लेक म्हणेल खिडकी, आई म्हणेल दार. दोघी आपापल्या घरापुरत्या खऱ्या. बटणाला हात मात्र दोन्ही घरी लावायचा नाही.