अमरत्वाचा मोह आणि अर्थसीची बेटे

अनित्यता, म्हणजे जे उत्पन्न झाले ते कधीतरी लयाला जाणारच हा विचार, मराठी वाचकाला बौद्ध दर्शनामुळे आणि संतवाङ्मयामुळे परिचित आहे. परंतु एखाद्या लेखिकेने संपूर्ण काल्पनिक जग उभारावे, त्याचा भूगोल, भाषा आणि मृत्यूनंतरचे विश्वही रचावे, आणि त्या जगाच्या कसोटीवर हा एकच विचार तीन दशकांहून अधिक काळ पुन्हा पुन्हा घासून पाहावा, असे उदाहरण आधुनिक साहित्यात विरळा आहे. अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन (१९२९–२०१८) यांच्या ‘अर्थसी’ या कथामालेत ते घडले. मानववंशशास्त्रज्ञ आल्फ्रेड क्रोबर यांच्या घरी वाढलेल्या या लेखिकेवर लाओत्सेच्या विचारांचा प्रभाव तरुणपणापासून होता, आणि १९९७ मध्ये त्यांनी ‘ताओ ते चिंग’चे आपले इंग्रजी रूपही प्रसिद्ध केले.

‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ (१९६८) या पहिल्या कादंबरीपासून वाचकाला जे जग दिसते ते समुद्रात विखुरलेल्या असंख्य बेटांचे आहे. तेथे प्रत्येक वस्तूला आणि माणसाला आदिभाषेतील एक खरे नाव असते, ते ज्याला कळते त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते, आणि मंत्रविद्या म्हणजे याच नावांचे ज्ञान होय. या सत्तेला मर्यादा घालणारे तत्त्व म्हणजे समतोल : उजेडाला अंधाराची आणि बोलण्याला मौनाची जशी जोड आहे तशीच जगण्याला मरणाची आहे, आणि त्यातील एक बाजू पुसून टाकली की दुसरीही पुसली जाते.

हे शेवटचे विधान ऐकायला सोपे वाटते. त्याचा अर्थ काय, हे ‘द फार्देस्ट शोर’ (१९७२) या तिसऱ्या कादंबरीत उलगडते. कॉब नावाचा मांत्रिक मृत्यूच्या भयाने जिवंतांच्या आणि मृतांच्या जगांमध्ये एक दार उघडतो आणि माणसांना अमरत्वाचे आमिष दाखवतो. त्याची किंमत म्हणून माणसे आपले खरे नाव देऊन टाकतात. महामांत्रिक गेड आणि तरुण राजपुत्र अ‍ॅरन या अरिष्टाचा उगम शोधत दक्षिणेकडे निघतात तेव्हा त्यांना कोठेही रणकंदन दिसत नाही, दिसते ती केवळ कामावरून उडालेली माणसांची वासना. लॉर्बनेरी हे रेशमासाठी नावाजलेले बेट. तेथील रंगाऱ्यांची विद्या नाहीशी झाली आहे, आणि ती विद्या खरोखर कधी होती यावरही आता लोकांचा विश्वास उरलेला नाही. ले ग्विन यांची खरी प्रतिभा येथे दिसते. ज्याला मरायचेच नाही त्याला आजचा रंग आजच नीट चढवण्याचे कारण उरत नाही, हे त्यांनी तत्त्वचर्चा न करता एका ओसाड पडत चाललेल्या गावातून दाखवले आहे. कारागिरी, गाणे आणि प्रेम या तिन्हींची मुळे माणसाच्या मर्त्यपणात आहेत, ही या कादंबरीची मध्यवर्ती भूमिका होय.

कॉबचा पाठलाग करत दोघे ज्या मृतांच्या प्रदेशात उतरतात त्याला कोरडी भूमी म्हणतात. एका बुटक्या दगडी भिंतीपलीकडे असलेल्या या प्रदेशातले तारे जागचे हलत नाहीत, कुंभाराचे चाक थांबलेले आहे, आणि एकमेकांसाठी प्राण दिलेली माणसेही तेथे ओळख न दाखवता शेजारून निघून जातात. ते दार बंद करताना गेडची सारी मंत्रशक्ती खर्ची पडते आणि ती कधीच परत येत नाही. ‘तेहानू’ (१९९०) या पुढच्या कादंबरीत तो शेळ्या राखणारा एक साधा माणूस म्हणून जगतो. सामर्थ्यही अनित्य आहे हा धडा नायकालाच शिकायला लावण्याचे धैर्य अद्भुतकथांमध्ये क्वचितच आढळते.

तरीही एक प्रश्न उरत होता. मरण जर जीवनाचाच भाग असेल तर मृतांच्या वाट्याला इतकी उजाड, वाराही नसलेली भूमी का यावी? ले ग्विन यांनी हा प्रश्न टाळला नाही. ‘द अदर विंड’ (२००१) मध्ये आल्डर नावाच्या, मोडक्या वस्तू सांधणाऱ्या कारागिराला स्वप्नात त्याची मृत पत्नी त्या भिंतीपाशी दिसू लागते, मृत माणसे ती भिंत पाडायला धडपडू लागतात, आणि शोध घेता घेता उघड होते ते असे : कोरडी भूमी ही निसर्गाची रचना नव्हेच. प्राचीन मांत्रिकांनी अमर होण्याच्या हव्यासापायी ड्रॅगनांच्या पश्चिमेकडील प्रदेशाचा एक भाग बळकावून त्याभोवती मंत्राची भिंत घातली, आणि कुंपण पडताच तेथला वारा थांबला. पूर्वेकडील कार्गिश लोक मात्र पुनर्जन्म मानतात, मेल्यावर त्या भिंतीपलीकडे जातच नाहीत, आणि ज्यांना इतर बेटवासी रानटी समजत आले त्यांचीच समजूत सत्याच्या अधिक जवळची ठरते. अखेर भिंत पाडली जाते आणि मृत आत्मे जगात विलीन होऊन मुक्त होतात.

टॉल्किन यांच्या पुराणविश्वातही मृत्यू ही मानवाला मिळालेली देणगी आहे आणि तिचा अव्हेर करणारे नूमेनॉरचे राज्य समुद्रात बुडते. परंतु तेथे ती देणगी ईश्वराच्या हातून येते आणि तिच्यावर श्रद्धा ठेवावी लागते. अर्थसीत देणारा कोणी नाही, त्यामुळे स्वीकाराची सारी जबाबदारी माणसावर येते, आणि म्हणूनच हा विचार अधिक कठोर व अधिक प्रामाणिक वाटतो. पहिल्या तीन कादंबऱ्यांवरच थांबणाऱ्या वाचकाच्या हाती त्याचा अर्धाच भाग लागतो. ‘द फार्देस्ट शोर’ आणि ‘द अदर विंड’ ही दोन पुस्तके एकापाठोपाठ एक वाचावीत.