रक्ताला बोल लावण्याआधी

मार्च सरत आला की भंडाऱ्याजवळच्या जवाहरनगरच्या आसपास पहाटेच्या हवेला मोहाचा गोडसर वास येतो. ऑर्डनन्स फॅक्टरीची वसाहत आणि महामार्गावरचे ट्रक मागे टाकून आत शिरलं, की झुडपी जंगलाच्या कडेला बाया टोपल्या घेऊन वाकलेल्या दिसतात. झाडाखालचा पाचोळा आदल्या दिवशीच झाडून ठेवलेला असतो. रात्री गळालेलं फूल गुराढोरांच्या तोंडी लागण्याआधी टोपलीत पडायला हवं.

यंदा अशाच एका झाडाखाली एक गोंड आजी भेटली. सोबत दहा-अकरा वर्षांची नात होती, पण ती वेचत नव्हती. गुडघे पोटाशी घेऊन बसली होती. आजीने कमरेच्या बटव्यातून प्लास्टिकच्या पिशवीत घडी करून ठेवलेलं लाल कार्ड काढून दाखवलं. सिकलसेल. पिवळं कार्ड म्हणजे वाहक, लाल म्हणजे रुग्ण, हे आता इकडे शाळकरी पोरांनाही ठाऊक आहे. “पोरीचे हातपाय लय दुखते जी,” आजी म्हणाली. “आमचं रगतच खराब आहे, तं का करावं?”

हे वाक्य मी आदिवासींच्या तोंडून ऐकलंय आणि त्याहून जास्त वेळा इतरांच्या. ते इतक्या सहज बोललं जातं की त्यात काही तपासण्यासारखं आहे, असं कुणाला वाटत नाही. मला वाटतं. ते तपासायला थोडं लांबून सुरुवात करावी लागेल.

मराठी माणसाला अंदमान म्हटलं की सेल्युलर जेल आठवतो. पण त्या तुरुंगाची पहिली वीट बसण्याआधीच त्या बेटांवर एक अख्खा समाज मरणपंथाला लागला होता. १८५७ च्या उठावातल्या कैद्यांसाठी इंग्रजांनी १८५८ मध्ये पोर्ट ब्लेअरला वसाहत केली, तेव्हा ग्रेट अंदमानी लोक काही हजार असावेत. त्यांना ‘माणसाळवण्यासाठी’ खास घरं उघडली गेली. रानावनात आणि किनाऱ्यावर विखरून राहणारी माणसं तिथे दाटीने एकत्र आली. त्यांच्यात उपदंश शिरला आणि १८७७ मध्ये गोवराची साथ आली. १९०१ च्या जनगणनेत ते ६२५ उरले. १९६१ मध्ये १९. ऑस्ट्रेलियातही तेच घडलं होतं. इंग्रजी गलबतांचा ताफा जानेवारी १७८८ मध्ये सिडनीला लागला आणि १७८९ च्या एप्रिलात देवीची साथ पसरली. तिथले निम्मे मूळ रहिवासी गेले असावेत, असं खुद्द इंग्रज गव्हर्नरने लिहून ठेवलं.

यावरून आपण एक सोपा निष्कर्ष काढतो. एकाकी राहिलेल्या लोकांच्या अंगात प्रतिकारशक्ती नव्हती, नवे जंतू आले, माणसं मेली. हे खरं आहे, पण अर्धं. उरलेलं अर्धं पाहायला आपल्या वैनगंगेच्या खोऱ्यात यावं लागतं.

कारण गोंड कधीच जगापासून तुटलेले नव्हते. देवगड, चांदा, गढा-मंडला इथे त्यांची राज्यं होती. चांद्याच्या गोंड राजांनी तलाव बांधणाऱ्याला जमिनी दिल्या. तलाव बांधण्यात कोहळी समाजाचा हात धरणारं कुणी नव्हतं आणि आजही भंडारा जिल्हा तलावांचाच आहे. बाजारहाट होता, मैदानातल्या माणसांची ये-जा होती. देवी, गोवर, पटकी हे पाहुणे त्यांच्या ओळखीचे होते. गावाच्या शिवेवर देवीच्या साथीपासून राखणारी मातामाय होतीच. उलट इथे रोगाला भ्यायचे ते इंग्रज अधिकारी. पावसाळ्यात आणि त्यानंतरचे काही आठवडे हिवतापाच्या धास्तीने ते मध्य भारताच्या जंगलात पाऊल टाकत नसत. म्हणजे अंदमानचा हिशेब इथे लागू पडायला नको होता. तरीही माणसं मेलीच. कशाने?

१८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघुजी भोसले वारले आणि वारस नाही या सबबीवर डलहौसीने नागपूरचं राज्य खालसा केलं. १८६१ मध्ये मध्य प्रांत झाला. पुढच्या दशकांत दोन गोष्टी झाल्या. जमीनबंदोबस्ताने काल सारा गोळा करणारा मालगुजार गावाचा मालक झाला. आणि जंगल ‘राखीव’ झालं. १८७८ च्या वनकायद्याने काल जो हक्क होता तो सवलत ठरला आणि परवानगीशिवाय केलेलं तेच काम गुन्हा ठरलं. डोंगरउतारावरची फिरती शेती बंद पाडली गेली. घरी मोहाची दारू गाळणं अबकारी गुन्ह्यात बसलं. सावकाराकडे आदिवासींच्या जमिनी इतक्या गेल्या की १९१६ मध्ये जमीन हस्तांतरणाला लगाम घालणारा कायदा सरकारलाच करावा लागला.

धानाच्या मुलखात पाऊस हुकला तर बांधी कोरडी पडते, हे पूर्वीही व्हायचं. पण तेव्हा जंगल उघडं होतं. मोह, चारोळी, तेंदू, कंदमुळं यांवर दोन-चार महिने निघायचे. १८९६-९७ आणि १८९९-१९०० अशा दोन दुष्काळांत हा आधारच आखडलेला होता. सरकारलाही ते कळत होतं, म्हणून तर दुष्काळ पडल्यावर राखीव जंगलं खाण्यायोग्य कंद-फळांसाठी मोकळी केली गेली. जे उपाशी मरताना खुलं करावं लागतं, ते एरवी कुणासाठी राखून ठेवलं होतं? रेल्वेच्या स्लीपरांसाठी, महसुलासाठी. मदतकार्यावर खडी फोडायला घर सोडून जायला गोंड तयार नसत आणि जे गेले त्यांना छावणीत पटकीने गाठलं. १९०१ च्या जनगणनेत भंडारा जिल्ह्याची लोकसंख्या ६,६३,०६२ भरली, दहा वर्षांपूर्वीपेक्षा सुमारे ११ टक्क्यांनी कमी. तेव्हा गोंदियाही याच जिल्ह्यात होतं.

ती माणसं कशाने गेली, याची नोंद कोण ठेवत होतं? गावचा कोतवाल. जन्ममृत्यूचं पुस्तक घेऊन तो ठरल्या दिवशी पोलीस ठाण्यात जायचा. त्याला बहुधा लिहिता येत नसे, म्हणून तो आठवून सांगायचा आणि तिथला मुन्शी लिहून घ्यायचा. रोग ओळखायचं शिक्षण दोघांनाही नव्हतं. देवी अंगावर दिसतात, पटकी कळते; बाकी सगळं ‘ताप’ या एका रकान्यात जायचं. महिनोन्‌महिने अर्धपोटी राहून शेवटी हिवतापाने गेलेली बाई ‘ताप’. रिकाम्या पोटी कोवळा पाला आणि कंद खाऊन हगवणीने गळून गेलेलं, मरताना अंग तापलेलं पोर, तेही ‘ताप’. मला हा रकाना फार अस्वस्थ करतो. उपासमार त्यात मावतच नव्हती. रोगाचं नाव लिहिलं की कारण संपलं, अशी सवय तिथून लागली असावी आणि ती अजून सुटलेली नाही.

१९१८ मध्ये तर पुस्तकच बंद पडायची पाळी आली. त्या वर्षी पाऊस दगा देऊन गेला होता. मुंबईत उतरलेला इन्फ्लुएन्झा रेल्वेने आत आला आणि सप्टेंबरनंतरच्या दुसऱ्या लाटेत त्याने मध्य प्रांत झोडपून काढला. देशातल्या सर्वाधिक मृत्युदराच्या प्रांतांत आपला प्रांत होता. नोंद घेणारेच आजारी पडल्याने कितीतरी मृत्यू कुठेच लिहिले गेले नाहीत. देशभरात एक कोटीहून अधिक माणसं गेली. १९११ ते १९२१ हे भारताच्या जनगणनेतलं लोकसंख्या घटलेलं एकमेव दशक. जंतू तोच होता, लंडनमध्येही आणि लाखांदूरमध्येही. फरक अंगावरच्या मांसाचा, शिजलेल्या भाताचा आणि पाणी पाजायला घरात उभं कुणी राहिलंय की नाही याचा होता.

आता त्या लाल कार्डाकडे. सिकलसेलचा दोष आईवडिलांपैकी एकाकडूनच आला, तर ते मूल वाहक होतं. त्याला सहसा त्रास नसतो. आणि हिवतापाच्या जिवावर बेतणाऱ्या हल्ल्यापासून त्याला चांगलंच संरक्षण मिळतं. अँथनी ॲलिसन यांनी १९५४ मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या अभ्यासातून हे दाखवून दिलं. ज्या तापाला भिऊन साहेब पावसाळ्यात जंगलाबाहेर थांबायचा, त्या तापात पिढ्यान्‌पिढ्या तगून राहण्याची ही खूण आहे. म्हणूनच विदर्भात ती फक्त गोंडांत नाही, हिवतापाच्या या पट्ट्यात राहिलेल्या इतर समाजांतही आहे. किंमत मोजतात ती दोन्हीकडून दोष आलेली मुलं. त्यांच्या तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात, सांधे ठणकतात, रक्त कमी होतं. पण अशी मुलं आज चाळिशी-पन्नाशी पाहू शकतात. लवकर निदान, वेळेवर लसी, हायड्रॉक्सियुरियाच्या गोळ्या, गरज पडली तर रक्त. जुलै २०२३ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय मोहिमेने २०४७ पर्यंत या आजाराच्या उच्चाटनाचं लक्ष्य ठेवलंय. तपासणीची शिबिरं होतात, कार्डं वाटली जातात. मला कार्ड हाती पडल्यानंतरच्या महिन्याची काळजी वाटते. गोळी संपली की पुढची कुठून आणायची, मध्यरात्री पोर कळवळू लागलं तर कशात घालून न्यायचं?

यातलं थोडंफार मी आजीला सांगायचा प्रयत्न केला. रक्त खराब नाही, या रक्तानेच तुमच्या वाडवडिलांना तापातून तारलं, असं. ती वेचता वेचता ऐकत होती.

“मंग डाक्टर पानी पी, पानी पी का म्हनते?” तिने विचारलं. अंगातलं पाणी कमी झालं की पेशी जास्त वाकतात, म्हणून, मी म्हणालो.

आजीने टोपली खाली ठेवली. झाडाच्या बुंध्याशी टेकवलेली बाटली उचलून पाहिली, तळाशी दोन घोट उरले होते. ते तिने नातीला पाजले आणि रिकामी बाटली घेऊन ती रस्त्यापलीकडच्या हातपंपाकडे चालू लागली.