प्रवाहाबरोबर मूर्ती, प्रवाहाविरुद्ध खांब

रायपूरहून सुमारे 45 किलोमीटरवर, महानदी, पैरी आणि सोंढूर यांच्या संगमावर राजिम आहे. तिथल्या राजीवलोचन विष्णूबद्दल असे सांगतात, की कांकेरच्या राजाने मूर्ती आपल्या मुलखात न्यायला नावेत घातली, धमतरीजवळ रुद्रीच्या घाटाशी नाव बुडाली आणि मूर्ती आपणहून राजिमला परतली. त्याआधीची कथा राजिम नावाच्या तेलिणीची. नदीपात्रात सापडलेली शिळा तिने घरी आणली, तेव्हापासून भांड्यातले तेल सरेना; पुढे राजा जगतपालाने ती शिळा मागून घेतली आणि देऊळ बांधले. मराठी वाचकाला यात परके काही नाही. कृष्णदेवरायाने विजयनगरला नेलेला विठोबा एकनाथांच्या पणजोबांनी, भानुदासांनी, परत आणला ही कथा आपण लहानपणापासून ऐकतो. अशा कथा भाबडेपणाच्या खात्यात टाकून मोकळे होता येते. पण मूर्ती स्वतःहून हलली असे लोक नेमके केव्हा सांगतात, हे पाहिले की त्यामागचा मालकीचा तंटा दिसू लागतो.

कथेने स्थळाबरोबर काळही हलवला आहे. राजीवलोचन मंदिरातले दोन शिलालेख त्याचे साक्षीदार आहेत, आणि दोन्हींच्या अभ्यासात नागपूरच्या महामहोपाध्याय वा. वि. मिराशींचा मोठा वाटा आहे. एक लेख कलचुरी संवत 896 चा, म्हणजे इ. स. 1145 चा. रतनपूरच्या कलचुरींचा सामंत जगपाल याने रामाचे देऊळ बांधल्याचे त्यात म्हटले आहे. कथेतला जगतपाल बहुधा हाच. दुसरा लेख नल राजा विलासतुंगाचा, साधारण आठव्या शतकातला; दिवंगत मुलाच्या पुण्यासाठी विष्णुमंदिर उभारल्याची नोंद त्यात आहे. म्हणजे जगपालाच्या आधी चारेकशे वर्षे इथे विष्णूचे देऊळ होते, आणि लोककथेने ते सरळ जगपालाच्या काळात आणून ठेवले. शिवाय देवळाच्या मालकीत तेलिणीचा पहिला हक्क घालून ठेवला. राजाने बांधले, पण देव आमच्या घरचा, हे सांगण्याची याहून चतुर रीत क्वचितच सापडेल.

श्रद्धाळू म्हणेल, मूर्ती खरोखर आली असेल, कारण रुद्रीहून पाणी राजिमकडेच वाहते. भूगोल अचूक आहे, हे मान्य. मात्र त्यावरून सांगणाऱ्याला नदी ठाऊक होती एवढेच सिद्ध होते. आता दुसरे स्थलांतर पाहा. राजिमच्याच रामचंद्र मंदिराचे खांब सिरपूरहून आणलेले आहेत असे अभ्यासक मानतात. रायपूरच्या दूधाधारी मठातही सिरपूरचे दगड असल्याचे सांगतात. सिरपूर राजिमच्या खालच्या अंगाला आहे, म्हणजे हे अवजड खांब प्रवाहाच्या उलट दिशेने गेले. नवल करायचे तर या खांबांचे करायला हवे होते, पण त्यांच्याबद्दल चमत्काराची कथा नाही. एकेकाळी दक्षिण कोसलची राजधानी असलेले सिरपूर ओस पडले होते, तिथल्या दगडांवर हक्क सांगणारे कुणी उरले नव्हते. भांडण नाही, म्हणून चमत्कारही नाही.

यावर एक आक्षेप वजनदार आहे. पळवलेला देव परत येतो, हा कथेचा साचा देशभर सापडतो. मग राजिमच्या एका तंट्याशी त्याचा संबंध का जोडायचा? साचा सार्वत्रिक आहे खरा. पण तो कोणत्या वस्तूला लावायचा, हे गाव ठरवते. राजिमने तो मूर्तीला लावला, खांबांना नाही, आणि या निवडीचे उत्तर साच्यात मिळत नाही. तरी कांकेरच्या स्वारीचा लेखी पुरावा म्हणून ही कथा कुणी वापरू नये. ती हक्काची साक्ष आहे, घटनेची नव्हे.

हक्क सांगणारे नसले की चमत्कारही नसतो, याचे आणखी एक उदाहरण सिरपूरचेच. तिथले उत्खनन 1953 पासून मोरेश्वर दीक्षितांनी केले. त्याआधीच, 1939 मध्ये, तिथे धातुमूर्तींचा मोठा ठेवा सापडला होता. त्यातल्या काही मूर्ती रायपूरच्या महंत घासीदास संग्रहालयात आहेत. तारा या बौद्ध देवीची एक देखणी मूर्ती लॉस एंजेलिसच्या कलासंग्रहालयात आहे. ती समुद्रापलीकडे गेली, पण तिच्याबद्दल छत्तीसगडात एकही चमत्कार सांगितला जात नाही, कारण तिची पूजा करणारे गाव तेव्हा उरलेच नव्हते.