मैदान एक, पंगत वेगळी : पालवणकर बाळू यांची जीवनकथा

भातकापणी आटोपली की पेण-रोहा परिसरातील गडबसारख्या गावांतून मोकळ्या शेतांची मैदाने होतात. पावसाळ्यात चिखलात फुटबॉल खेळणारी मुले हिवाळ्यात बॅट-चेंडू घेऊन उतरतात. या खेळात आज कोणीही कोणाची जात विचारू नये, हे आपण गृहीत धरतो. परंतु एकेकाळी चेंडूला स्पर्श चालत असे आणि चहाच्या पेल्याला मात्र चालत नसे. या विसंगतीशी आयुष्यभर झुंज देणारे भारताचे पहिले थोर गोलंदाज म्हणजे पालवणकर बाळू होत.

बाळूंचे घराणे मूळचे कोकणातील, चर्मकार समाजाचे. त्यांचा जन्म 1875-76 च्या सुमारास धारवाड येथे झाला. बालपण पुण्यात गेले. तेथे एका पारशी क्रिकेट क्लबात खेळपट्टी झाडण्याचे व रोलर फिरविण्याचे काम त्यांना मिळाले. वेतन होते दरमहा 3 रुपये. पुढे 1892 च्या सुमारास युरोपियनांच्या पूना क्लबात ते 4 रुपयांवर रुजू झाले. जाळी लावणे, खेळपट्टी तयार करणे आणि साहेबांना सरावासाठी गोलंदाजी करणे, ही त्यांची कामे. कॅप्टन ग्रेग हे त्या वेळचे नामवंत फलंदाज. त्यांना बाद केल्यास प्रत्येक वेळी आठ आणे बक्षीस मिळे, अशी आठवण सांगितली जाते. डावखुरी फिरकी गोलंदाजी त्यांनी अशा प्रकारे सेवक म्हणून आत्मसात केली. बॅट हाती घेण्याची संधी मात्र त्यांना तेथे क्वचितच लाभली.

खेळाडू म्हणून मान्य, माणूस म्हणून अमान्य

पुण्याच्या हिंदू संघास युरोपियनांवर मात करावयाची होती. त्यासाठी बाळूंसारखा गोलंदाज दुसरा नव्हता. बऱ्याच वादानंतर त्यांना संघात घेण्यात आले. मैदानावर सवर्ण खेळाडू त्यांनी टाकलेलाच चेंडू हाताळीत. परंतु चहापानाच्या वेळी इतरांना आत चिनी मातीच्या पेल्यांतून चहा मिळे, तर बाळूंना बाहेर मातीच्या कुल्हडातून. जेवणाचे पानही वेगळेच मांडले जाई.

1896 मध्ये प्लेगची साथ सुरू झाली आणि त्या सुमारास बाळू मुंबईस आले. तेथे ते परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. 1906 मध्ये हिंदू संघाने युरोपियनांचा 109 धावांनी पराभव केला. हिंदूंच्या धावा 242 व 160, तर युरोपियनांच्या 191 व 102 झाल्या. या संघात बाळूंबरोबर त्यांचे बंधू शिवराम हेही होते.

1911 चा उन्हाळा

1911 मध्ये पतियाळाचे महाराजा भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली सर्व धर्मांच्या खेळाडूंचा पहिला भारतीय संघ इंग्लंडला गेला. संघाची कामगिरी एकंदरीत बेताची झाली. लेस्टरशायर व सॉमरसेट या काउंटी संघांवर मात्र त्याने विजय मिळविला. बाळूंनी या दौऱ्यात सर्व सामने मिळून 114 बळी घेतले. त्याच वर्षी 29 जुलै रोजी कलकत्त्यात मोहन बागानच्या फुटबॉलपटूंनी ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटचा 2-1 असा पराभव करून आय. एफ. ए. शील्ड जिंकली. त्या संघातील बहुतेक खेळाडू अनवाणी खेळले होते. राज्यकर्त्यांनी आणलेल्या दोन्ही खेळांत भारतीय त्यांच्या तोडीस तोड उतरू लागले होते.

एवढे कर्तृत्व असूनही हिंदू संघाचे कर्णधारपद बाळूंना कधी रीतसर लाभले नाही. 1920 मध्ये बाळूंना वगळण्यात आले व बंधू विठ्ठल यांचा कर्णधारपदावरील हक्कही डावलला गेला. तेव्हा विठ्ठल व शिवराम यांनी संघातून अंग काढून घेतले. अखेर 1923 मध्ये विठ्ठल यांना कर्णधारपद मिळाले आणि त्यांच्या नेतृत्वाखाली हिंदू संघ विजयी झाला. 1927 मध्ये याच जिल्ह्यातील महाड येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी चवदार तळ्याच्या पाण्यासाठी सत्याग्रह केला. तळ्याचे पाणी आणि चहाचा पेला, दोन्हीकडे प्रश्न एकच होता.

पुढे बाळू सार्वजनिक जीवनात आले. 1932 च्या पुणे करारावर स्वाक्षरी करणाऱ्यांत ते होते. 1937 मध्ये मुंबई विधानसभेच्या निवडणुकीत ते डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे राहिले व पराभूत झाले. दोघांचे मार्ग भिन्न असले तरी वेदना सारखीच होती.

भारताचा पहिला कसोटी सामना 1932 मध्ये झाला, तेव्हा बाळूंनी पन्नाशी ओलांडली होती. प्रथम श्रेणीच्या 33 सामन्यांत त्यांनी 179 बळी मिळविले, तेही प्रत्येकी सरासरी अवघ्या 15 धावांच्या मोबदल्यात. 1 जून 1955 रोजी अस्पृश्यता (अपराध) कायदा अमलात आला आणि 4 जुलै 1955 रोजी बाळूंचे निधन झाले. ज्या वागणुकीस त्यांनी उमेदीच्या काळात तोंड दिले, ती कायद्याने दंडनीय ठरलेली त्यांना जेमतेम महिनाभर पाहता आली.

खेळपट्टी तयार करणाऱ्या मुलाच्या हातीही केव्हातरी बॅट यावी, हे बाळूंच्या चरित्राचे सार होय. गावाच्या क्रीडांगणाची जागा राखणे हे पंचायतीचे काम आहे. त्या जागेवर कोण खेळतो आणि कोण नुसताच कुंपणाबाहेर उभा राहतो, हे पाहणे शिक्षकांचे. सामना संपल्यावर सर्व मुले एकाच हंड्यातील पाणी पितात काय, याकडेही त्यांनी अधूनमधून लक्ष द्यावे.